पीटर ग्रीनचा फ्लीटवुड मॅक शोधायचा कुठे?

फ्लीटवुड मॅक म्हटलं की बहुतेकांना १९७७चा 'रूमर्स' आठवतो. आठवू दे, अल्बम चांगलाच आहे. पण त्याच बँडचं मूळ रूप, म्हणजे १९६७ साली लंडनमध्ये उभा राहिलेला गिटारिस्ट-गायक पीटर ग्रीनचा ब्लूज बँड, माझ्या लेखी त्याहून मोठा. त्याचं नाव मागे पडलं याचा निम्मा दोष त्याच्याच अल्बमांचा.

१९६८चा 'मिस्टर वंडरफुल' लावून बघा. बँडचा दुसरा गिटारिस्ट जेरेमी स्पेन्सर अमेरिकन ब्लूजवाल्या एल्मोर जेम्सची तीच ती स्लाइडची (तारांवर नळी सरकवत वाजवलेली) सुरावट घेऊन गाण्यांमागून गाणी सुरू करतो. तिसऱ्यांदा ती आली की वाटतं, मागचंच गाणं परत लागलं की काय! एवढंच ऐकून कुणी बँडवर फुली मारली तर मी भांडणार नाही.

खरा माल सिंगल्सवर, म्हणजे एकेका गाण्याच्या छोट्या रेकॉर्डांवर आहे. 'ब्लॅक मॅजिक वुमन' (सान्तानाचं नाही हो, त्याने फक्त गाजवलं; मूळ ग्रीनचंच), नंबर एकवर गेलेलं 'अल्बट्रॉस', 'मॅन ऑफ द वर्ल्ड', 'ओह वेल', 'ग्रीन मनालिशी'. यातलं एकही गाणं तेव्हा इंग्लंडातल्या त्यांच्या स्टुडिओ अल्बमवर नव्हतं. 'ओह वेल' तर काय चीज आहे! रिफ (गिटारचा पुन्हापुन्हा येणारा छोटा तुकडा) धडाधडा येते आणि कापल्यासारखी थांबते. ग्रीन एकटाच गातो, मागे एक स्वर नाही. पुन्हा रिफ आदळते. आणि रेकॉर्ड उलटली की दुसऱ्या बाजूला स्पॅनिश ढंगाची गिटार आणि चेलो, जणू भलत्याच माणसाचं काम. ही उडी मारायची हिंमत त्यांच्या पहिल्या दोन्ही अल्बममध्ये कुठे दिसते?

'देन प्ले ऑन' (१९६९) हा अल्बम मात्र अपवाद. त्यात गिटारिस्ट डॅनी कर्वनचा वाटा मोठा आहे. अठराव्या वर्षी बँडमध्ये आलेल्या या पोराचं नाव आज कुणी घेत नाही, हे मला खटकतं.

आणि बॉस्टन. फेब्रुवारी १९७०मध्ये तिथल्या 'टी पार्टी' क्लबातले कार्यक्रम लाइव्ह अल्बमसाठी रेकॉर्ड केले होते. मे महिन्यात ग्रीनने बँड सोडला आणि त्या टेप्स वर्षानुवर्षं पडून राहिल्या. 'देन प्ले ऑन'वर साडेतीन मिनिटांचं असलेलं 'रॅटलस्नेक शेक' तिथे वीस मिनिटांच्याही पुढे जातं. ग्रीन आणि कर्वन एकमेकांना जागा देत वाजवतात. कुणाला घाई नाही, कुणाला मिरवायचं नाही. ते एकदा पूर्ण ऐका. त्यानंतरही 'रूमर्स'च मोठा वाटला तर या, भांडू.