पाय आपोआप थांबतात तिथे : एका प्रतिक्रियेला उत्तर

सर,

तुमची प्रतिक्रिया काल सकाळी शाळेला निघताना वाचली आणि दिवसभर ती मनातून गेली नाही. इतर वाचकांसाठी ती थोडक्यात सांगते. समाजशास्त्रज्ञांवरच्या माझ्या मागच्या लेखावर तुमचे तीन आक्षेप आहेत. एक, गावातल्या कुठल्याही जाणत्या म्हाताऱ्याला ठाऊक असलेलंच ही मंडळी जड शब्दांत सांगतात. दोन, त्यांची दुःखं, आजारपणं, जळालेली टिपणं यांच्याशी वाचकाला काय देणंघेणं? आणि तीन, यातलं काही गोव्याला लागू होत नाही. 'आमच्या जत्रेत येऊन बघा, कोण कुठल्या वाड्यावरचा ते तिथे कोणी विचारत नाही,' असं तुम्ही लिहिलंत.

तिसऱ्यापासून सुरुवात करते. त्या वाक्यानेच मला लिहायला बसवलं.

जत्रेत सगळे एक होतात हे मला मान्य आहे, आणि त्यासाठी मला पुस्तकाची गरज नाही. माझं आजोळ तुमच्याच डिचोली तालुक्यातलं. पालखी बाहेर पडायची, ढोल-ताशे एकदम सुरू व्हायचे आणि अंगावर काटा यायचा. पलीकडच्या वाड्यावरची माझी मैत्रीण आणि मी एकाच पुडीतलं खाजं खायचो आणि दशावतारी काला बघता बघता एकाच चादरीत झोपी जायचो. फ्रेंच समाजशास्त्रज्ञ एमील दुर्खीमने 1912 च्या आपल्या पुस्तकात ऑस्ट्रेलियातल्या आदिवासींच्या मेळाव्यांवरून नेमकं हेच सांगितलं. माणसं जमली, एका तालावर हलू लागली की त्यांच्यात असं काही उसळतं जे एकट्यादुकट्यात कधीच नसतं, आणि त्याच बळावर समाज पुढचे दिवस टिकून राहतो. दुर्खीम ऑस्ट्रेलियाला कधी गेला नव्हता, दुसऱ्यांनी केलेल्या नोंदींवरून त्याने हे लिहिलं. तरी आजोळची ती रात्र मला त्याच्या पानांत भेटली.

पण 'कोणी विचारत नाही' या शब्दांवर मी अडले.

त्या मैत्रिणीची आई पालखीच्या वेळी कायम दीपस्तंभाच्या अलीकडे उभी असायची. आमच्या घरच्या बायका सभामंडपाच्या पायरीवर, आणि ती खाली, दहा-बारा पावलांवर. हात जोडलेले, डोळे मिटलेले. मी हे वर्षानुवर्षं पाहिलं आणि मला ते कधी दिसलंच नाही. गेल्या वर्षी मे महिन्यात तिच्याकडे गेले होते. ती अंगणात भिरंडांची सोलं वाळत घालत होती. मी धीर करून विचारलं, तू वर का येत नव्हतीस? कोणी अडवलं होतं का? तिने हातातलं काम थांबवलं नाही. म्हणाली, "कोणें सांगपाची गरज ना गो. पांय आपशींच थांबतात."

सर, दुर्खीमने 1895 साली ज्याला सामाजिक तथ्य म्हटलं ते हे. व्यक्तीच्या बाहेर असलेली, तिच्यावर दाब टाकणारी वागण्याची रीत. तुम्ही निमूट तिच्याप्रमाणे चालत राहिलात तर तिचा दाब जाणवतही नाही. ढोलाच्या आवाजाने सगळ्यांच्या अंगावर येणारा काटा खरा, आणि दहा पावलांवर थांबलेले पायही खरे. दोन्ही एकाच रात्रीचे, एकाच अंगणातले.

इथेच तुमच्या पहिल्या आक्षेपाचंही उत्तर आहे. माझे आजोबा गावातले जाणते. देवळाचे महाजन, म्हणजे देवस्थानच्या कारभारात हक्क असलेले. जत्रेत भेदभाव नसतो असं ते मनापासून सांगत आणि ते खोटं बोलत नसत. ते उभे होते तिथून तसंच दिसत होतं. त्यांचं जाणतेपण खरं होतं, पण ते पायरीवरचं होतं. दीपस्तंभापाशी जाऊन कोणाला काही विचारावं असं त्यांना कधी वाटलं नाही. मलाही चाळीशी उलटेपर्यंत वाटलं नाही.

मानववंशशास्त्रज्ञ इरावती कर्व्यांना मात्र ते वाटलं. पंढरीच्या वारीवर त्यांनी लिहिलेला 'वाटचाल' हा लेख तुम्ही वाचला असेल, नसेल तर जरूर वाचा. ज्या भागातले लोक पंढरपूरला जातात तो महाराष्ट्र, ही त्यांची प्रसिद्ध व्याख्या त्यातलीच. साखळीच्या विठ्ठलासमोर उभं राहिलं की मला हटकून ती आठवते, आणि आपण कुठे बसतो हा प्रश्नही पडतो. पण त्याच लेखात त्यांनी आपल्या दिंडीबद्दल लिहिलंय की ब्राह्मण आणि मराठा एकत्र चालतात, एकच अभंग गातात, आणि जेवायला बसतात मात्र वेगवेगळे. त्याचं दुःख त्या लपवत नाहीत. भक्तीने भारलेल्या माणसानेच पंगतीची ही नोंदही करावी, यासाठी मला त्या मोठ्या वाटतात. बर्लिनमध्येही त्या अशाच वागल्या होत्या. गोऱ्यांच्या कवटीची ठेवण वेगळी आणि म्हणून बुद्धी सरस, अशा मताच्या जर्मन प्राध्यापक ऑयगन फिशरच्या हाताखाली त्या पीएचडी करत होत्या. त्यांनी कवट्या मोजल्या आणि तसा फरक आढळत नाही असं लिहून दिलं. परक्या देशात, ज्याच्या सहीवर आपली पदवी अवलंबून त्याच्या विरोधात. तेव्हा त्या पंचविशीच्या आसपास होत्या.

दुसरा आक्षेप व्यक्तिगत आयुष्याचा. यात तुमचं अर्धं म्हणणं मला पटलं. दुर्खीमचा मुलगा पहिल्या महायुद्धात गेला आणि दोन वर्षांत तोही गेला, हे मी लेखात घातलं, पण त्याच्या विचाराशी ते जोडून दाखवलं नाही. नुसती हळहळ झाली ती. जर्मन समाजशास्त्रज्ञ मॅक्स वेबरच्या आजारपणाचंही तसंच. दोन्ही काढून टाकते.

अमेरिकेतला काळा समाजशास्त्रज्ञ ड्यू बॉइस, त्याचं मात्र काढणार नाही. 1896 साली, नुकतंच लग्न झालेलं असताना, तो फिलाडेल्फियाच्या सातव्या वॉर्डात राहायला गेला आणि तिथल्या काळ्या वस्तीत घरोघर स्वतः हिंडला. शहरातल्या जाणत्यांचं मत ठरलेलं होतं की या लोकांची गरिबी आणि गुन्हेगारी त्यांच्या स्वभावातच आहे. त्याने घरभाडी, मजुरी, नाकारलेल्या नोकऱ्या यांचा हिशोब मांडला आणि 1899 च्या पुस्तकात दाखवून दिलं की मुळं भेदभावात आहेत. त्याच वर्षी जॉर्जियात सॅम होस नावाच्या शेतमजुराला जमावाने हाल करून मारलं. ड्यू बॉइस त्याबद्दलचं एक संयमी पत्र घेऊन अटलांटातल्या वर्तमानपत्राच्या कचेरीकडे निघाला होता. वाटेत कळलं की होसच्या बोटांची हाडं पुढच्याच एका दुकानात मांडून ठेवली आहेत. तो तिथूनच परतला. समोर माणसं अशी मारली जात असताना आपण शांत, अलिप्त अभ्यासक राहू शकत नाही, असं त्याने पुढे लिहिलं. ही वाट वगळली तर आकडे मांडणारा हा माणूस पुढे चळवळीत का उतरला ते कसं कळणार?

आपल्याकडचे समाजशास्त्रज्ञ एम. एन. श्रीनिवास, त्यांचंही तसंच. 1970 च्या एप्रिलमध्ये स्टॅनफर्डला लागलेल्या आगीत त्यांच्या टिपणांच्या तिन्ही प्रती जळाल्या, अठरा वर्षांची मेहनत. मग त्यांनी म्हैसूरकडचं रामपुरा हे आपल्या अभ्यासाचं गाव आठवणीतून लिहून काढलं आणि 1976 मध्ये पुस्तक आलं. आठवणीतून लिहिल्यामुळे त्यात गाव तर आलंच, पण गावात वावरणारा ब्राह्मण श्रीनिवासही आला. गावातल्या वडीलधाऱ्यांची आपल्याकडून ब्राह्मणासारखं वागण्याची अपेक्षा होती आणि दलित वस्तीत आपल्याला मोकळेपणी मिसळता आलं नाही, हे त्यांनी कबूल केलंय. आपण कुठल्या पायरीवर उभे होतो हे ते सांगतात. म्हणून पुढच्या अभ्यासकाला त्यांची चूक दाखवताही येते.

आता गोव्याला लागू आहे की नाही ते. आपल्या वर्तमानपत्रांतल्या रविवारच्या वधू-वर जाहिराती घ्या. बाबासाहेब आंबेडकर पंचवीस वर्षांचे असताना, 9 मे 1916 रोजी, कोलंबिया विद्यापीठात वाचलेल्या निबंधात म्हणाले होते की जातीतल्या जातीत लग्न हेच जातीचं मर्म. त्या जाहिरातींत शिक्षण बदललं, पगार बदलले, दुबई आणि लंडन आलं, पण पहिला शब्द कुठला असतो? आणि हे हिंदूंपुरतं म्हणावं तर आपल्या ख्रिस्ती शेजाऱ्यांत बामण, चार्डो, सुदीर हे शब्द अजून बोलले जातात.

समाजशास्त्रज्ञ घुर्ये तर आपल्या शेजारचे, मालवणचे. त्यांचं सगळंच मला पटत नाही. आदिवासी म्हणजे मागास हिंदू, हे त्यांचं 1943 मधलं म्हणणं मला फार घाईचं वाटतं. पण गावडा, कुणबी आणि वेळीप समाजांना 2003 साली अनुसूचित जमातीचा दर्जा मिळेपर्यंत आणि नंतरही आपल्याकडे जे वाद झाले, त्यांच्या मुळाशी घुर्ये आणि आदिवासींचे अभ्यासक व्हेरियर एल्विन यांच्यातलाच प्रश्न आहे : आदिवासींना बाकीच्या समाजात मिसळू द्यायचं की त्यांचं वेगळेपण जपायचं?

एका बाबतीत मी तुमच्यापुढे पूर्ण चुकले. गोव्यावर लिहिणाऱ्या गोव्याच्याच माणसाला मी विसरले. दामोदर कोसंबी, जन्म 1907, कोसबें. गणिती म्हणून त्यांची ओळख मोठी, पण जुन्या काबिजादींतल्या, म्हणजे पोर्तुगीजांनी आधी जिंकलेल्या तालुक्यांतल्या, ग्रामसंस्थेवर त्यांनी 1947 मध्ये निबंध लिहिला होता. या ग्रामसंस्थेला, म्हणजे गांवकारीला, आपण अभिमानाने प्राचीन लोकशाही म्हणतो. पोर्तुगीजांनी 1526 च्या फोरालात, म्हणजे सनदेत, तिच्या रिवाजांची नोंद केली, इतकी ती मुरलेली होती, आणि सामाईक शेतं, बांध, मानशी (पाणी अडवण्याची दारं) सांभाळण्याची तिची हातोटी खरीच थोर. पण जोण, म्हणजे उत्पन्नातला वाटा, मिळायची ती गांवकार घराण्यातल्या पुरुषांना. बायकांना नाही आणि बाहेरून येऊन राबणाऱ्यांना तर नाहीच. भाटकाराच्या, म्हणजे जमीनदाराच्या, जमिनीत झोपडं बांधून राहणाऱ्या मुंडकाराच्या डोक्यावरचं छप्पर सुरक्षित व्हावं म्हणून 1975 साली कायदा करावा लागला. तोपर्यंत 'कोणी विचारत नाही' हे त्याने कसं म्हटलं असतं?

कोसंबींवरचे दोन परिच्छेद आज रात्री मूळ लेखात घालते. वेबर आणि दुर्खीमच्या दुःखाच्या ओळी काढते, आणि हा बदल तुमच्या प्रतिक्रियेमुळे झाला असं खाली लिहिते.

यंदाच्या जत्रेला मी आजोळी असेन. मैत्रिणीची आई आता काठी घेऊन चालते, तरी पालखी चुकवत नाही. तुम्ही आलात तर तुमची ओळख करून देईन. ती दीपस्तंभापाशी असेल, मीही तिथेच.