पॅकअपनंतरचे तास

2025 मध्ये एका आघाडीच्या नायिकेनं आठच तासांची शिफ्ट मागितल्याची बातमी आली आणि भारतात बराच धुरळा उडाला. जळगावचा माझा एक निर्माता मित्र फोनवर म्हणाला, ‘आठ तासमा काय व्हस, भो! ते तुमच्या लंडनात.’ त्याचं सगळंच चूक नाही. पण वाद नायिकेच्या तासांचा चाललाय, कॅमेऱ्यामागच्या पोरांना त्यात कुणी धरलेलंच नाही.

मी लंडनला छायालेखनाची कामं करतो. इथेही आठ तासांत कुणी सुटत नाही, दहा-अकरा तासांचं शूटिंग सर्रास चालतं. स्वतंत्र फिल्म असेल तर ‘पैशांचं नंतर बघू’ हेही ऐकावं लागतं. फरक पडतो तो पॅकअपनंतर. ब्रिटनच्या 1998 च्या कामाच्या वेळांच्या नियमांनुसार एका दिवसाचं काम संपल्यापासून दुसऱ्या दिवशीचं सुरू होईपर्यंत सलग 11 तास विश्रांती द्यायची असते. त्यामुळे पॅकअप लांबला की सहसा दुसऱ्या दिवशीचा कॉलटाइम, म्हणजे सेटवर हजर व्हायची वेळही पुढे जाते.

हे कुणाचे लाड नव्हेत. 1997 मध्ये अमेरिकेत ब्रेंट हर्शमन हा कॅमेरा सहायक 19 तासांचं काम आटोपून घरी निघाला, गाडी चालवताना डोळा लागला आणि गेला. हॅस्केल वेक्सलरसारख्या मुरलेल्या छायालेखकानं पुढे या जागरणांवर माहितीपटच काढला.

खानदेशात तर शिफ्ट ऊनच ठरवतं. मेच्या शेवटच्या आठवड्यात जळगावला सूर्य बरोब्बर डोक्यावर येतो. दुपारी नटाच्या डोळ्यांच्या खोबणीत काळोख आणि नाकाखाली मिशीसारखी सावली. सावलीसाठी केळीच्या बागेत शिरावं, तर चेहऱ्यावर हिरवी झाक चढते. ती मारायला एका बाजूनं काळं कापड धरा, दुसऱ्या बाजूनं पांढरी चादर. पारा 45 कडे गेला की कॅमेराही कुरकुरतो. म्हणून शहाणा माणूस सकाळी दहापर्यंत आणि मग चारनंतरच कॅमेरा लावतो. लंडनच्या डिसेंबरात भरदुपारीही सूर्य जेमतेम 15 अंश वर असतो (दिसलाच तर!), आणि चारच्या आत मावळतो. इथलं वेळापत्रक जसंच्या तसं तिकडे चालणार नाही, कबूल. पण दुपारी काम थांबवलंच आहे तर पोरांना पडू द्या की. नेमकं तेव्हाच निर्मात्याला सुचतं, ‘बसलेच आहात, तर घरातला सीन उरकू.’ रात्री पुन्हा लाइट लागतात ते लागतातच.

लेखी कराराशिवाय सिने-कामगाराला कामावर घेऊ नये, असा कायदा आपल्याकडे 1981 सालीच झाला. आमच्याकडच्या छोट्या फिल्मवर करार म्हणजे व्हॉट्सअ‍ॅपवरचं ‘ओके दादा’. त्याऐवजी मित्राला मी दोन ओळी लिहून दिल्यात: पॅकअप ते कॉलटाइम 11 तास, आणि दिवसभर जनरेटर सांभाळणाऱ्यानं रात्री टेम्पो चालवायचा नाही.

दुसरी त्यानं लगेच मानली. पहिलीनं एक दिवस वाढेल म्हणतो, आणि तो वाढणारच. मग रात्रीच्या सीनपैकी एक काढ, असं मी सुचवलं. तेव्हापासून त्याच्या फिल्मचा लेखक माझा फोन उचलत नाही.