२.६७ लाखांच्या फॉरवर्डची चिरफाड

गेल्या पंधरा दिवसांत एकच मेसेज मला सहा ग्रुपांवरून आला. सोसायटीचा ग्रुप, शाळेची बॅच, माहेरची भावकी, कुठलाच सुटला नाही. मी बँकेत होमलोनच्या टेबलावर बरीच वर्षं काढली असल्यामुळे प्रत्येक ग्रुपवर पुढचा प्रश्न ठरलेला: "ताई, खरंय का हो हे?"

मेसेज असा: "नाशिककरांसाठी खुशखबर! पंतप्रधान आवास २.० सुरू. पहिलं घर घेणाऱ्या प्रत्येकाला २.६७ लाख थेट खात्यात, उत्पन्न १८ लाखांपर्यंत चालेल. वडिलांच्या नावावर घर असेल तर मिळणार नाही. म्हाडाची २० टक्क्यांतली घरं ओळखीशिवाय मिळत नाहीत, फाइल आम्ही लावून देतो. सरकारी योजनेतलं घर असल्याने हप्ते थकले तरी बँक जप्ती करू शकत नाही. कोणाला मेंबर करायचं नाही हे ठरवायचा सोसायटीला कायदेशीर हक्क असतो, म्हणून आमच्या प्रोजेक्टमध्ये फक्त आपलीच माणसं. फॉर्म फी १,५०० रुपये. गरजूंपर्यंत पोहोचवा."

यातली बरीच वाक्यं कुठल्या ना कुठल्या खऱ्या गोष्टीवरून उचललेली आहेत, म्हणून लोक फसतात.

आधी २.६७ लाख. हा आकडा खोटा नाही, शिळा आहे. २०१५ च्या पहिल्या योजनेत ६ लाखांपर्यंतच्या कर्जावर साडेसहा टक्के व्याज अनुदान होतं, ते एकदम मुद्दलातून वजा व्हायचं आणि जास्तीत जास्त साधारण २.६७ लाख भरायचं. १८ लाखांची उत्पन्नमर्यादाही त्याच योजनेतली, मध्यम गटाची. मध्यम गटासाठी ते अनुदान ३१ मार्च २०२१ ला बंद झालं, अल्प उत्पन्नवाल्यांसाठी ३१ मार्च २०२२ ला. मेसेज लिहिणाऱ्याने जुनं ब्रोशर घेतलं आणि त्यावर "२.०" डकवलं.

१ सप्टेंबर २०२४ पासूनची जी खरी २.० आहे, तिचं व्याज अनुदान असं: कुटुंबाचं उत्पन्न ९ लाखांपर्यंत, घराची किंमत ३५ लाखांपर्यंत, कर्ज २५ लाखांपर्यंत. त्यातल्या पहिल्या ८ लाखांवर, १२ वर्षांपर्यंतच्या मुदतीसाठी, ४ टक्के. कमाल १.८० लाख, तेही पाच वार्षिक हप्त्यांत. म्हणजे वर्षाला ३६ हजार, आणि ते कर्जखात्यात. बचत खात्यात पैसे येतील आणि त्यातून फर्निचर करू, असं धरून बसलेली माणसं मी पाहिली आहेत.

आता कागद-पेन घ्या. म्हसरूळला बांधकाम चालू असलेला ३४ लाखांचा फ्लॅट धरू. (गंगापूर रोडला ३५ लाखांत काय येतं ते तुम्हीच सांगा.) मुद्रांक शुल्क शहरात ६ टक्के, म्हणजे २.०४ लाख. नोंदणी ३० हजार. जीएसटी १ टक्का, ३४ हजार. बेरीज २.६८ लाख! मेसेजमध्ये सरकार जेवढे देणार म्हणतंय, जवळपास तेवढेच ते आधी तुमच्याकडून घेणार आहे. कर्ज २५ लाखांचं, म्हणजे किमतीतले वरचे ९ लाख आपले. सगळं धरून साडेअकरा लाखांच्या वर रोख जमवायची, आणि मग पाच वर्षांत १.८० परत. साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांचा हप्ता २१,७०० च्या आसपास बसतो, त्यात वर्षाचे ३६ हजार म्हणजे महिन्याला तीन हजारांचा हातभार. हातभार आहे, नाही म्हणत नाही. पण तो धरून टोकन देऊन येऊ नका. त्यापेक्षा घर बायकोच्या एकटीच्या नावावर घेतलंत तर मुद्रांकात १ टक्का सूट आहे, ३४ हजार तिथल्या तिथे वाचतात. हे कुठल्याच फॉरवर्डमध्ये नसतं.

आणखी एक गोष्ट, जी समजावताना माझा घसा बसायचा. बोनस आला, चार तोळे मोडले की मुद्दल भरून टाकायची आपली सवय. एरवी चांगलीच. पण अनुदानाचा प्रत्येक हप्ता सोडताना कर्ज चालू असावं लागतं आणि निम्म्याहून जास्त मुद्दल बाकी असावी लागते. तिसऱ्या वर्षीच निम्म्यावर आणलंत तर पुढचे हप्ते गेले.

"वडिलांच्या नावावर घर असेल तर मिळणार नाही." या एका वाक्याने नाशिकमध्ये सगळ्यात जास्त नुकसान होतंय. सिडकोच्या सहा योजनांमध्ये फिरून बघा. वडिलांनी कारखान्यातल्या पगारातून हप्ते फेडलेलं घर, त्यावर चढवलेला मजला, खाली थोरला, वर धाकटा, आणि कागद अजून वडिलांच्याच नावाचा. ही मुलं मेसेज वाचून अर्जच करत नाहीत. नियमात कुटुंब म्हणजे नवरा, बायको आणि त्यांची अविवाहित मुलं. लग्न झालेल्या मुलाचं कुटुंब वेगळं. वडिलांचं घर त्याच्या आड येत नाही.

आड काय येतं ते वेगळंच. एकदा निफाडकडचं एक जोडपं आलं होतं. भाड्याने राहणारं, पगार मर्यादेत, सगळं नीट. बोलता बोलता तो म्हणाला, "गावचं घर वडील गेल्यावर माझ्या नावावर लागलंय, पण तिथं कोण राहतंय मॅडम?" ग्रामपंचायतीच्या नमुना ८ वर, म्हणजे घराच्या उताऱ्यावर, त्याचं नाव होतं, घर पक्कं. देशात कुठेही स्वतःच्या नावावर पक्कं घर असलं की अपात्र, राहता का नाही हा प्रश्नच नाही. गेल्या २० वर्षांत सरकारी घरकुलाचा लाभ घेतला असेल तरी तेच. हे हमीपत्रावर सही करण्याआधी बघा.

म्हाडा. घरं संगणकीय सोडतीने जातात, अर्ज आणि अनामत ऑनलाइन, नाव लागलं नाही तर अनामत परत. म्हाडा प्रत्येक जाहिरातीत छापते की आम्ही एकही एजंट नेमलेला नाही. मग "ओळखीशिवाय नाही" हे लोकांना इतकं पटतं का? कारण शंका हवेतून आलेली नाही. दहा लाखांवर वस्तीच्या महापालिकांत ४,००० चौरस मीटर किंवा मोठ्या भूखंडावरच्या प्रकल्पाने २० टक्के घरं दुर्बल आणि अल्प उत्पन्न गटांसाठी ठेवायची असा नियम आहे. नाशिकची लोकसंख्या २०११ लाच १४.८६ लाख होती. तरी ही घरं म्हाडाकडे नीट आलीच नाहीत, यावरून २०२२ मध्ये विधिमंडळात रान उठलं आणि महापालिका आयुक्तांची बदली झाली. म्हणजे घोळ सोडतीच्या डब्यात नव्हता, डब्यात चिठ्ठ्याच कमी आल्या होत्या. ओळखीने फाइल लावून देणारा माणूस यातलं काही दुरुस्त करणार नाही. तुमच्या भागात मोठा प्रकल्प उभा राहत असेल तर त्यातली २० टक्के कुठे आहेत हे माहितीच्या अधिकारात विचारा, ४,००० च्या आत बसवायला कागदावर एका प्लॉटचे दोन झालेत का तेही विचारा. त्याला ओळख लागत नाही.

जप्तीचं लवकर आटोपते, कारण यात खरं काहीच नाही. ९० दिवस थकलं की खातं एनपीए, म्हणजे बँकेच्या लेखी थकीत कर्ज. मग २००२ च्या सरफेसी कायद्याखाली ६० दिवसांची नोटीस, मग ताबा, मग लिलाव. अनुदान मिळालं म्हणून घर सरकारचं होत नाही, तारण बँकेकडेच असतं. हप्ता अडला तर नोटीस यायच्या आधी शाखेत जा. नोटीस आल्यावर साहेबांच्याही हातात फारसं उरत नाही.

राहिलं "आपलीच माणसं". अमेरिकेत १९६८ पासून घर विकताना, भाड्याने देताना भेदभाव करायला बंदी करणारा कायदा आहे, आपल्याकडे तसा स्वतंत्र कायदा नाही, हे खरं. २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अहमदाबादच्या एका पारशी संस्थेची फक्त पारशी सभासदांची अट मान्य केली, हेही खरं. पण ती अट त्या संस्थेच्या उपविधीतच, म्हणजे तिच्या स्वतःच्या नियमावलीतच होती. तुमच्या-माझ्या सोसायटीत आदर्श उपविधी असतात आणि वर महाराष्ट्र सहकारी संस्था कायदा. घर विकत घेणाऱ्याला सभासदत्व नाकारायचं तर कारण कळवावं लागतं, तीन महिन्यांत काहीच कळवलं नाही तर तो सभासद झाला असं धरलं जातं, आणि नकाराविरुद्ध सहकारी संस्थांच्या निबंधकाकडे अपील करता येतं.

आमच्या ओळखीतल्या एका नर्सबाईंचा अर्ज कमिटीने तीनदा "पुढच्या मीटिंगला" ढकलला. आडनाव आणि मटणाचा वास, दोन्हीवर कुजबुज होती, मिनिट्समध्ये अर्थातच काही नाही. बाईंनी पहिल्याच दिवशी अर्जाची शिक्क्यासकट पोच घेतली होती. तीन महिने उलटल्यावर त्या पोचेची झेरॉक्स घेऊन त्या सेक्रेटरींच्या दारात उभ्या राहिल्या. पुढच्या महिन्याचं मेंटेनन्स बिल त्यांच्या नावाने आलं.

आणि १,५०० रुपये फी. अर्ज योजनेच्या सरकारी पोर्टलवर स्वतः भरता येतो, व्याज अनुदानाचं पुढचं काम कर्ज देणारी बँक बघते. ही फी कोणाच्या खात्यात जमा होते आणि पावती कोण देतं, हे विचारायला मी त्या नंबरवर फोन केला. "मॅडम, आपण कुठून बोलताय?" म्हटलं, इंदिरानगरहून, आधी बँकेत होते. त्याने फोन ठेवला. परवा सातवा फॉरवर्ड आला, त्यात नंबर बदललाय. फी तीच आहे.