बाई असून असं केलं म्हणे

सकाळी चहा घेताना सहज फेसबुक उघडलं आणि डोकं जे फिरलंय ते अजून जाग्यावर आलेलं नाही. लेकरं चोरून मारणाऱ्या कोल्हापूरच्या केसमधल्या गावित बहिणींवरची कसलीतरी रील कुणीतरी शेअर केलेली. मागं भुताच्या पिक्चरसारखं म्युझिक, वर लाल अक्षरं, आणि खाली कमेंटींचा पूर. "बाई असून असं करवलं कसं?" "आईच्या नावाला कलंक." "बायकांना फाशी देत नाहीत म्हणून माजल्यात." आणि आमच्याच नात्यातले एक काका, रिटायर्ड माणूस, रोज सकाळी न चुकता सुविचार टाकणारे, त्यांनी लिहिलंय, "समानता पाहिजे ना? मग फाशीतपण घ्या की समानता." वर हसरी तोंडं.

काका, तुम्ही माझ्या लिस्टमध्ये आहात म्हणजे हे वाचणारच. तर वाचाच.

पहिली गोष्ट, त्या दोघींना बाई म्हणून कुणी सोडलेलं नाही. कोल्हापूरच्या सेशन कोर्टानं २००१ ला फाशी दिली, हायकोर्टानं २००४ ला कायम केली, सुप्रीम कोर्टानं २००६ ला. राष्ट्रपतींनी २०१४ ला दयेचा अर्ज फेटाळला. ह्यात कुठं दिसली तुम्हाला सवलत? १८ जानेवारी २०२२ ला मुंबई हायकोर्टानं फाशीची जन्मठेप केली, ती का केली तर दयेच्या अर्जाची फाईल सरकारी टेबलांवर ७ वर्षं १० महिने १५ दिवस पडून राहिली म्हणून. इतकी वर्षं माणसाला फासाखाली उभं करून ठेवता येत नाही, हे सुप्रीम कोर्टानं २०१४ लाच सांगितलेलं. आणि ह्याच मुंबई हायकोर्टानं जुलै २०१९ मध्ये पुण्यातल्या बीपीओ केसमधल्या, म्हणजे कंपनीत कामाला असलेल्या तरुणीवर बलात्कार करून तिचा खून करणाऱ्या, दोन पुरुषांची फाशी ह्याच उशिराच्या कारणानं बदलून ३५ वर्षांची कैद केली, त्यांची तर फाशीची तारीखसुद्धा ठरली होती. तेव्हा कुठल्या काकांनी लिहिलं होतं का की "पुरुषांना फाशी देत नाहीत म्हणून माजलेत"?

आणि हो, त्या बायकांची बाजू घेत नाहीये मी, ते आधीच सांगते, नाहीतर लगेच सुरू होईल. १३ पोरं पळवल्याचा गुन्हा, त्यातले पाच खून सुप्रीम कोर्टापर्यंत सिद्ध झालेले, आणि त्यातली काही तर चालायलासुद्धा न शिकलेली. खिसे कापताना कडेवर लेकरू असलं की कुणी संशय घेत नाही, म्हणून लेकरं चोरायची आणि जड झाली की मारायची. १९९६ ला ते उघडकीला आलं तेव्हा मी कोल्हापुरात कॉलेजला होते. बायका महाद्वार रोडवर पोरांचं मनगट अशा धरून चालायच्या की पोरं कळवळायची. माझ्याही पोटात गोळा यायचा. त्या लेकरांच्या आयांनी फाशी मागितली तर त्यांना मी कोण शहाणपण शिकवणारी. ते मान्य.

पण "बाई असून" हे जे आहे ना, ते मला लहानपणापासून माहितीये, त्यामुळे माझं डोकं फिरतं.

गडहिंग्लजकडच्या आमच्या गावात एक बाई होती. नाव लिहीत नाही, तिच्या माहेरची माणसं अजून आहेत. मला आठवतं तेव्हा ती पन्नाशीची असेल, आजीकडं शेंगा फोडायला यायची. मान खाली घालून शेंगा फोडायची, आजी जेवायला वाढायची तेव्हाच वर बघायची. गाव तिला पोरखाई म्हणायचं. तोंडावर नाही, पण तिला ऐकू जाईल इतपत. तरुणपणी एका रात्री ती दीड-दोन वर्षांच्या पोरीला घेऊन विहिरीत पडली होती. पोरगी गेली. हिचा हात इंजनाच्या पाइपाला अडकला आणि ही राहिली. सकाळी लोकांनी काढलं, दुपारी पोलीस घेऊन गेले. खुनाची केस. जन्मठेप झाली, बरीच वर्षं आत काढून गावात परत आली.

आमच्याकडं "लेकरासकट विहिरीत उडी" ही बातमी पेपरच्या आतल्या पानावर चार ओळींत येते आणि आपण पान उलटतो. पण ती बाई चुकून वाचली तर काय होतं ते बघा एकदा. पन्नासच्या दशकातली मध्य भारतातली ग्यारसीबाईची केस वकिली शिकणारी पोरं अजूनही वाचतात. घरातल्या भांडणाला कंटाळून तीन लेकरांना घेऊन विहिरीत उडी मारली, लेकरं गेली, ही वाचली. खून, जन्मठेप. हायकोर्टानं गुन्हा कायम ठेवला आणि सरकारला सांगितलं की शिक्षा तेवढी कमी करा. कायद्यानं बरोबरच असेल ते, मी वकील नाही. पण ज्या घरानं तिला विहिरीपर्यंत नेलं त्या घराला कुठलं कलम लागलं ते मला कुणीतरी सांगा.

माझी आजी शाळेची पायरी चढली नव्हती. ती म्हणायची, "व्हय, तिच्या हातनं मेली पोरगी. पर रातचं हाकललं कुणी तिला?" नवऱ्यानं हाकललेलं. मारून, लेकरासकट, पावसाळ्यात. ही जेलमध्ये असताना त्यानं दुसरी केली. नंतर गावच्या भजनी मंडळात टाळ घेऊन पुढं असायचा, मी स्वतः त्याच्या पाया पडलेली आहे, आईनं पाडलं होतं. त्याला कुणी एका शब्दानं काही म्हटलेलं मला आठवत नाही.

हे काही आजचं नाही हो. १८८१ मध्ये सुरतेकडं विजयालक्ष्मी नावाच्या एका तरुण ब्राह्मण विधवेला फाशी सुनावली होती. पुन्हा लग्न करायची बंदी, दिवस गेले, मूल झालं, लोक काय म्हणतील ह्या भीतीनं तिनं ते मारलं. अपिलात फाशीचं काळं पाणी झालं, मग ते पाच वर्षांवर आलं. पण तोवर इकडं पेपरवाल्यांना विषय मिळाला होता, बायका कशा बिघडल्या, बायकांची जात कशी. म्हणजे आजच्या कमेंटीच, फक्त छापलेल्या. ते वाचून बुलढाण्याच्या ताराबाई शिंदेंचं टाळकं असं सटकलं की १८८२ ला त्यांनी 'स्त्री पुरुष तुलना' लिहून छापली. त्यात त्यांनी पुरुषांना जे काही ऐकवलंय ते आज फेसबुकवर टाकलं तर अकाउंट रिपोर्ट होईल. बाईंनी मुळात विचारलं काय, तर ज्या दुर्गुणांसाठी बायकांना फासावर चढवताय ते तुमच्यात नाहीत का? आता त्या विजयालक्ष्मीच्या पोटातलं मूल काही आभाळातून पडलं नव्हतं. तो पुरुष कोण, कुठं गेला, त्याला काय झालं? कोर्टात तो कुठंच नाही.

पुण्यातली काशीबाई तशीच. जोतिरावांच्या मित्राच्या, गोवंड्यांच्या घरी स्वयंपाकाला असलेली विधवा, शेजारच्या शास्त्र्यानं फसवलं, मूल झालं ते तिनं मारून विहिरीत टाकलं, आणि तिला अंदमानला धाडलं. शास्त्रीबुवा पुण्यातच. फुल्यांनी त्यावर काय केलं? "बाई असून" म्हणून हळहळत बसले नाहीत. १८६३ ला बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं, या, गुपचूप बाळंत व्हा, मूल ठेवायचं तर ठेवा, न्यायचं तर न्या. सावित्रीबाईंनी त्या बाळंतिणींचं केलं. पुढं अशाच एका विधवेचा मुलगा दत्तक घेतला, यशवंत. दीडशेच्या वर वर्षं झाली ह्याला. आणि आपण जयंतीला फोटो टाकतो दोघांचे. काका पण टाकतात.

साहेबाच्या देशात तर ह्याच्याही वरताण. नवऱ्यानं बायकोला मारलं तर तो साधा खून, आणि बायकोनं नवऱ्याला मारलं तर तो राजद्रोहाचा धाकटा भाऊ, कारण नवरा म्हणजे घरातला राजा! शिक्षा काय, तर खांबाला बांधून जाळायचं. १७९० पर्यंत ही शिक्षा पुस्तकात होती. फाशी झालेली बाई "मला दिवस गेलेत" म्हणाली की कोर्ट बायकांचीच ज्युरी बसवून तिला तपासायचं, आणि खरं निघालं की बाळंतपणापर्यंत थांबायचं. हसू नका, आपल्या कायद्यातसुद्धा २००९ पर्यंत गरोदर बाईची फाशी फक्त पुढं ढकलणं कोर्टावर बंधनकारक होतं, जन्मठेप करायची का ते हायकोर्टाच्या मर्जीवर. म्हणजे आधी लेकरू बाहेर येऊ द्या, त्याला पाजू द्या, मग आईचं बघू. आता कुठं ते "जन्मठेप करावीच" असं झालंय.

आणि १९५५ ची रूथ एलिस, ब्रिटनमध्ये फासावर गेलेली शेवटची बाई. ज्याला गोळ्या घातल्या त्यानं काही दिवसांपूर्वी तिच्या पोटात बुक्का मारला होता, तिचं मूल पडलं होतं. ज्युरीनं निकाल द्यायला अर्धा तासपण घेतला नाही. पण पेपरांना कशात रस, तर तिच्या सोनेरी केसांत. नाइटक्लबात काम करते, लग्नाशिवाय राहते, केस रंगवून कोर्टात येते. तिला खुनाची शिक्षा झाली की केसांची, कळायला मार्ग नाही.

शबनमचं पण तेच. उत्तर प्रदेशातल्या अमरोह्याची. २००८ ला प्रियकर सलीमच्या साथीनं घरातली सात माणसं मारली, त्यात दहा महिन्यांचा भाचा. भयंकरच आहे, त्याला दुसरा शब्द नाही. सलीमलापण फाशीच झाली, तेव्हा निदान इथं पुरुष सुटला असं म्हणता येणार नाही, ठीक आहे. पण २०२१ ला जेव्हा फाशी होणार अशी हवा उठली तेव्हा चॅनेलवाले मथुरेच्या जेलमधलं बायकांचं फाशीघर दाखवत फिरत होते, इंग्रजांच्या काळात १८७० च्या सुमाराला बांधलेलं आणि कधीच न वापरलेलं, आता "पहिली बाई" लटकणार म्हणून. जल्लाद येऊन बघून गेला, दोर कुठून येणार, सगळं. वर्ल्डकपची तयारी चाललीये की काय असं वाटावं. सलीमच्या दोराची बातमी मी तरी पाहिली नाही. आणि शबनमचा जेलमध्ये जन्मलेला पोरगा, १२ वर्षांचा, पाटीवर राष्ट्रपतींना लिहून आईसाठी माफी मागत होता आणि कॅमेरे त्याच्या तोंडापुढं.

हे लिहिता लिहिता माझा राग थोडा उतरलाय खरं सांगायचं तर, कारण ती गावातली बाई सारखी डोळ्यापुढं येतीये. मोठी झाल्यावर आजीकडून मला कळलं की कोर्टात तिनं जज्जाला सांगितलं होतं, मला फाशी द्या. वकिलानं गप्प बस म्हटलं तरी सांगितलं. आजीपाशी एकदाच म्हणाली म्हणे, "त्या पाइपाला हात का धरला मी." आता ह्या बाईला कुठल्या समानतेनं मोजू काका?

माझ्या चुलतभावाचं बारसं होतं, तेव्हा ती मागच्या दारी बसलेली. बायकांनी डोळ्यानंच खुणावलं होतं की पुढं येऊ नको. आजी पाळण्याजवळून उठली, पोरगं उचललं आणि सरळ नेऊन तिच्या मांडीवर ठेवलं. ती हातच लावेना. पदरात हात गुंडाळून बसली, आणि पोरगं तिच्या मांडीवर पाय झाडत होतं. घरात कुणी बोललं नाही. दोन-तीन बाया न जेवता गेल्या. आजी म्हणाली, जाऊ देत, जेवण उरलं तर गडी खातील. तो चुलतभाऊ आज दोन पोरांचा बाप आहे, सकाळच्या त्या रीलला लाइक आहे त्याचं. त्याला हे कुणी सांगितलंच नसणार. आज फोन करते.

काही जण म्हणतील गावित बहिणी कुठं आणि ही कुठं, काहीही जोडते. अगदी बरोबर, काही संबंध नाही. एकीनं धंदा म्हणून केलं, एकीचं आयुष्य संपलं. पण गावानं दोघींना शिवी एकच दिली ना? पोरखाई आणि कलंक. शिवी देताना गुन्हा कुणाला बघायचाय, आई कशी असावी ह्याचं जे चित्र डोक्यात आहे ते फाटलं म्हणून राग आहे. खुनाची शिक्षा द्यायला कोर्टं आहेत. ही वरची शिक्षा आपण देतो, आणि ती जन्मठेप भोगून आल्यावरपण संपत नाही. फाशीच नको असं माझं मत आहे, बाईला नको आणि बाप्यालाही नको, पण ते राहू दे, त्यावर आपलं कधीच एकमत होणार नाही.

शेवटचं एक. गावित केसमध्ये आई अंजनाबाई खटल्याआधीच जेलमध्ये मेली, दोघी बहिणी फाशीपर्यंत गेल्या. त्यातल्या थोरल्या रेणुकाचा नवराही ह्या सगळ्यात होता. तो माफीचा साक्षीदार झाला आणि सुटला. त्याच्या साक्षीशिवाय केस उभी राहिली नसती म्हणतात, असेल, कायद्याला अशी माणसं लागतात. पण "बाप असून", "नवरा असून", "पुरुष असून" असं मोठ्या लाल अक्षरांत लिहिलेली, मागं भुताचं म्युझिक लावलेली एखादी रील त्याच्यावर कुणी केली असेल तर मला लिंक पाठवा. काका, तुम्हीच शोधा, तुम्हाला वेळ असतो.