अरुंधतीला फिरताना कोणी पाहिलं?

तुळशीचं लग्न झालं की हा मेसेज न चुकता फिरायला लागतो. यंदा भाचीचं लग्न ठरलं आणि दुसऱ्याच दिवशी तो आमच्या घरच्या ग्रुपवर आला. मजकूर थोडक्यात असा: आकाशातल्या बाकी सगळ्या जोडताऱ्यांत एक तारा स्थिर असतो आणि दुसरा त्याच्याभोवती फिरतो. वसिष्ठ आणि अरुंधती ही एकच जोडी अशी, की दोघं एकमेकांभोवती सारख्याच तोलानं फिरतात. पाश्चात्त्यांना हे विसाव्या शतकात कळलं, आपल्या ऋषींना हजारो वर्षांपूर्वी दिसलं होतं, आणि म्हणूनच लग्नात नवरा-नवरीला अरुंधती दाखवतात. खाली जोडलेले हात आणि ‘अभिमान वाटत असेल तर पुढे पाठवा’.

भाचीनं विचारलं, “मामा, हे खरं आहे का गं म्हणून सगळ्या मैत्रिणी विचारतायत. काय सांगू?” मी बरीच वर्षं छोटी दुर्बीण घेऊन गच्चीवर बसत आलो आहे. वसिष्ठ-अरुंधती ही माझी सगळ्यात आवडती जोडी. तिला दोन ओळींत उत्तर देणं मला जमेना, म्हणून हे सविस्तर लिहितो आहे.

“बाकी जोडताऱ्यांत एक तारा स्थिर असतो.”

असा एकही जोडतारा नाही. लहान मुलाचे दोन्ही हात धरून त्याला गरगर फिरवून बघा. मूल मोठं वर्तुळ काढतं, पण आपणही मागे झुकून पायाशी छोटं वर्तुळ काढतच असतो. गुरुत्वानं बांधलेल्या कुठल्याही दोन गोष्टींचं हेच आहे. दोघं मिळून त्यांच्या सामाईक वस्तुमानकेंद्राभोवती फिरतात. जो जड तो कमी हलतो, पण हलतो.

व्याधाचा साथीदार तर या हलण्यामुळेच सापडला. व्याध सरळ न जाता किंचित डोलत चालला आहे हे जर्मन खगोलज्ञ बेसेलनं १८४४ साली दाखवलं, आणि त्यावरून न दिसणारा जोडीदार असणार असं सांगितलं. तो प्रत्यक्ष दिसला १८६२ मध्ये. सूर्यसुद्धा गुरूमुळे डुलतो. त्या दोघांचं वस्तुमानकेंद्र सूर्याच्या पृष्ठभागाच्या थोडं बाहेर पडतं. तेव्हा एकमेकांभोवती फिरणं ही वसिष्ठ-अरुंधतीची खासियत होऊ शकत नाही.

“ही दोघं सारख्याच तोलानं फिरतात.”

इथे मला थोडं थांबावंसं वाटतं, कारण खरी हकीकत मेसेजपेक्षा कितीतरी सुंदर आहे आणि ती या मेसेजमुळे झाकली जाते.

मुळात ही दोघं नाहीत, सहा आहेत. डोळ्यांना एक दिसणारा वसिष्ठ, म्हणजे मिझार, अडीच-तीन इंची दुर्बिणीतूनही दोन ताऱ्यांत फुटतो. त्यांच्यात सुमारे १४ विकलांचं अंतर दिसतं (साठ विकलांची एक कला, साठ कलांचा एक अंश). पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा फोकस चुकला असं वाटून मी तीनदा काच पुसली होती.

या दोन ताऱ्यांतला प्रत्येक पुन्हा जोडतारा आहे, पण ते फुटणं दुर्बिणीच्या डोळ्याला दिसत नाही, वर्णपटात, म्हणजे ताऱ्याचा प्रकाश रंगांत पसरवला की मिळणाऱ्या पट्ट्यात, दिसतं. हार्वर्डच्या वेधशाळेत एडवर्ड पिकरिंग आणि अँटोनिया मॉरी मिझारच्या वर्णपटाच्या काचेच्या प्लेट्स बघत होते. एक ठळक काळी रेषा काही रात्री एकेरी यायची, काही रात्री दुहेरी. एक तारा आपल्याकडे येत असतो तेव्हा दुसरा दूर जात असतो, म्हणून त्यांच्या रेषा विरुद्ध बाजूंना सरकतात आणि एकीच्या दोन होतात. पिकरिंग यांनी १८८९ मध्ये हे जाहीर केलं. वर्णपटावरून जोडतारा सापडण्याची ती सुरुवात. हे दोघं साडेवीस दिवसांत एक फेरी पूर्ण करतात. वसिष्ठाच्या दुसऱ्या ताऱ्यातली जोडी १९०८ मध्ये कळली. तिची फेरी सुमारे १७५ दिवसांची. आणि अरुंधतीच्या, म्हणजे अल्कॉरच्या, अगदी कुशीत एक मंद लाल खुजा तारा आहे, हे दोन स्वतंत्र गटांनी २००९ मध्ये टिपलं.

ही माणसं एकमेकांपासून किती लांब राहतात, ते मनात भरण्यासाठी पृथ्वी-सूर्य अंतर एक सेंटीमीटर धरू. वसिष्ठाची साडेवीस दिवसांची जोडी अडीच मिलिमीटरवर येते. दुसरी जोडी एका सेंटीमीटरच्या आत. या दोन जोड्यांमध्ये निदान साडेतीन मीटर, म्हणजे एका खोलीची लांबी. आता अरुंधती कुठे ठेवायची? तिचं आकाशात दिसणारं अंतर १२ कला, पौर्णिमेच्या चंद्राच्या रुंदीच्या निम्म्याहूनही कमी. ही मंडळी आपल्यापासून सुमारे ८० प्रकाशवर्षं दूर आहेत. तेवढ्यावरून हिशेब केला तर अरुंधती कमीत कमी पावणेदोनशे मीटरवर जाते. वसिष्ठ मंडपात बसला असेल तर अरुंधती गल्लीच्या टोकाला, तिचा लाल साथीदार तिच्यापासून वीतभर अंतरावर. आणि हे झालं फक्त आडवं अंतर. आपल्यापासून दोघं किती लांब आहेत यातला फरकही धरून २०१० मध्ये मांडलेला अंदाज तर मंडपापासून पाऊण किलोमीटरच्या जवळ जातो.

तोलाचं म्हणाल तर वसिष्ठाच्या चार ताऱ्यांचं वस्तुमान अरुंधतीच्या दोघांच्या साधारण तिप्पट भरतं. त्यामुळे वस्तुमानकेंद्र वसिष्ठाकडे सरकलेलं असणार. खरोखर जवळजवळ सारख्या वजनाची जोडी हवी असेल तर ती वसिष्ठाच्या आतच आहे, साडेवीस दिवसांची.

“ऋषींनी हे डोळ्यांनी पाहिलं.”

एक साधा हिशेब. दिसणारं अंतर हीच कक्षेची सरासरी त्रिज्या धरली, तरी अरुंधतीला एका फेरीला सुमारे ८ लाख वर्षं लागतात. फेरी ३६० अंशांची, म्हणजे एका अंशाला साधारण २,२०० वर्षं. सातवाहनांच्या काळापासून आजपर्यंत जेमतेम एक अंश! अंतर त्याहून जास्त असेल तर तेवढंही नाही. असला फरक कुठल्याही डोळ्याला दिसत नाही, मग तो डोळा कितीही तपस्वी असो.

फिरतात का, हासुद्धा प्रश्न पूर्ण मिटलेला नाही. सप्तर्षींतले मरीची आणि क्रतू सोडले तर बाकीचे पाच एकाच थव्यातले, एकत्र जन्मलेले आणि एकाच दिशेनं चाललेले. अरुंधतीही त्याच थव्यातली. त्यामुळे ती वसिष्ठाबरोबर चालते एवढ्यावरून ती त्याला गुरुत्वानं बांधलेली आहे हे सिद्ध होत नाही. २०१० चा अभ्यास बांधलेली असण्याच्या बाजूनं झुकतो, आणि मलाही ते पटतं. पण ते गणित अटीतटीचं आहे.

आता सगळ्यात महत्त्वाचं. आपल्या पूर्वजांना या जोडीबद्दल काय वाटत होतं, ते त्यांनीच लिहून ठेवलं आहे. महाभारताच्या भीष्मपर्वात युद्धाआधी व्यास धृतराष्ट्राला अपशकुन सांगतात. देवांच्या मूर्ती थरथरतात, हसतात. गाईंच्या पोटी गाढवं जन्मतात. त्याच यादीत हे येतं: “अरुन्धती तयाप्येष वसिष्ठः पृष्ठतः कृतः”. तिन्ही लोकांत वाखाणलेल्या अरुंधतीनंही वसिष्ठाला मागे टाकलं.

यावरून युद्धाची तारीख काढण्याचे प्रयत्नही झाले आहेत, तो वेगळा वाद. मला इथे एवढंच दिसतं: दोघं एकमेकांभोवती फिरतात असं जर त्यांना माहीत असतं, तर कधी ना कधी अरुंधती पुढे जाणं ही साधी गोष्ट झाली असती. तिची गाईला गाढव होण्याच्या रांगेत नोंद झाली नसती. क्रम कधीच बदलत नाही असं ते मानत होते, आणि त्यांची नजर अचूक होती. आजही याम्योत्तर रेषा, म्हणजे डोक्यावरून जाणारी उत्तर-दक्षिण रेषा, आधी वसिष्ठ ओलांडतो आणि अरुंधती त्याच्यामागून साधारण सव्वा मिनिटानं. घड्याळ लावून बघता येतं.

“पाश्चात्त्यांना विसाव्या शतकात कळलं.”

यावर फार वेळ घालवायला नको. वसिष्ठ दुर्बिणीतून बघा असं गॅलिलिओचे शिष्य कास्तेल्ली यांनी गॅलिलिओला १६१७ मध्ये कळवलं होतं. १८५७ मध्ये बाँड यांनी हार्वर्डमध्ये याच ताऱ्याचा फोटो घेतला, जोडताऱ्याचा तो पहिला फोटो. अरब लोक अरुंधतीला ‘सुहा’ म्हणत आणि तिच्यावर नजर पारखत. “मी तिला सुहा दाखवतो आणि ती मला चंद्र दाखवते” अशी त्यांच्यात म्हणच आहे. हा तारा पाहणारे आपण एकटे नव्हतो.

“म्हणूनच लग्नात अरुंधती दाखवतात.”

कशासाठी दाखवतात हे गृह्यसूत्रांत, म्हणजे घरातल्या संस्कारांच्या जुन्या ग्रंथांत, स्पष्ट आहे. आश्वलायन सांगतात, नवरीनं ध्रुव, अरुंधती आणि सप्तर्षी पाहून मौन सोडावं आणि म्हणावं, “जीवपत्नी प्रजां विन्देय”. नवरा जिवंत राहो, मुलंबाळं होवोत. गोभिलांच्या गृह्यसूत्रात ध्रुव पाहून ‘मी पतिकुळात ध्रुव होईन’ आणि अरुंधती पाहून ‘रुद्धाहमस्मि’, मी बांधली गेले आहे. अरुंधती आणि रुद्ध, शब्दावरचा खेळ आहे तो. सगळा भर अढळ राहण्यावर. फिरण्याचा उल्लेख नाही, आणि बांधून घ्यायचं आहे ते एकट्या नवरीनं. नवरा-बायकोनं बरोबरीनं एकमेकांभोवती फिरावं ही इच्छा चांगली आहे, माझीही आहे. पण ती आपली आजची इच्छा म्हणून सांगावी, गोभिलांच्या तोंडी घालू नये.

आपल्या परंपरेचा खरा अभिमान वाटावा अशी जागा मला दुसरीकडे सापडते. ब्रह्मसूत्रभाष्यात शंकराचार्य अरुंधती कशी दाखवतात ते सांगतात. ती बारीक, चटकन दिसत नाही. म्हणून आधी तिच्याजवळचा मोठा तारा दाखवून ‘ही अरुंधती’ म्हणायचं. नजर तिथे ठरली की ‘ही नव्हे’ म्हणून खऱ्या अरुंधतीकडे न्यायचं. अरुंधतीदर्शनन्याय तो हाच. चौथ्या प्रतीचा, म्हणजे मंद, तारा नवख्या माणसाला कसा दाखवावा, याची इतकी नेमकी रीत ज्यानं लिहिली, त्यानं किंवा त्याच्या गुरूंनी रात्री कोणाला तरी शेजारी उभं करून हे नक्की केलं असणार. मी गच्चीवर आलेल्या प्रत्येक मुलाला याच रीतीनं अरुंधती दाखवतो.

भाचीचं लग्न मार्गशीर्षात आहे, गोरज मुहूर्तावर. त्या वेळी सप्तर्षी आपल्याकडून दिसतच नाहीत, क्षितिजाच्या खाली असतात. गुरुजी हॉलच्या छताकडे बोट दाखवतील आणि दोघं मान डोलावतील. मी तिला सांगितलं आहे, मेपर्यंत थांबायचं नसेल तर लग्नानंतर एखाद्या दिवशी पहाटे पाचला दोघांनी गच्चीवर या. ईशान्येला सप्तर्षी वर आलेले असतील. शेपटीतला मधला तारा धरा. तो वसिष्ठ. तो ठरला की त्याला चिकटून एक बारीक ठिपका आहे का, ते बघा. दुर्बीण मी लावून ठेवतो.