डोजो सासुरवाडीचा होता

हॉलिवूडचा नट स्टीव्हन सीगल याचा शेंडी बांधलेला फोटो आणि खाली चार ओळी: ‘जपानमध्ये आयकिडोचा डोजो काढणारा पहिला परदेशी. आयकिडोचे जनक मोरिहेई उएशिबा यांचा थेट शिष्य. हजारो वर्षांची सामुराई विद्या त्याने जपान्यांनाच शिकवली. जग जपानला ओळखू लागलं ते याच्यामुळे.’ (आयकिडो ही जपानी युद्धकला, आणि डोजो म्हणजे ती शिकवण्याचा आखाडा.) हा मजकूर माझ्या फोनवर तिसऱ्यांदा आला, म्हणून लिहायला बसलो.

थेट शिष्यापासून सुरू करू, कारण तिथे नुसतं कॅलेंडर पुरतं. उएशिबा वारले २६ एप्रिल १९६९ रोजी. सीगलचा जन्म १० एप्रिल १९५२चा, अमेरिकेतल्या मिशिगनचा. म्हणजे गुरू गेले तेव्हा शिष्याला सतरा पूर्ण होऊन सोळा दिवस झाले होते, आणि जपानला तो गेला सत्तरच्या दशकात. उएशिबांकडे शिकलो, असं सीगल स्वतःही सांगत आला आहे. पण १९६१पासून शेवटपर्यंत त्यांच्याकडे शिकलेला टेरी डॉब्सन हा अमेरिकन माणूस ते मान्य करत नसे. त्याच्याही आधी, १९५५ मध्ये, आंद्रे नोके नावाचा फ्रेंच माणूस उएशिबांकडे राहून शिकत होता. परदेशी शिष्य शोधायचेच असतील तर हे घ्या की!

आता डोजो. १९७४ मध्ये मियाको फुजितानी ही ओसाकाची तरुणी आयकिडो शिकवायला लॉस एंजेलिसला आली होती. वडील आयकिडोचे गुरू, ती स्वतः दुसऱ्या दानची, म्हणजे दुसऱ्या श्रेणीची, ब्लॅक बेल्ट. तिथे सीगलशी ओळख झाली. ती परतली तेव्हा तोही ओसाकाला गेला आणि पुढच्या वर्षी लग्न झालं. तो शिकवू लागला तो डोजो मियाकोच्या घरचा. सीगल केव्हाच हॉलिवूडला निघून गेला होता, तरी १९९० मध्ये त्या डोजोत मियाको आणि तिचा भाऊ शिकवत होते आणि अध्यक्षपदी तिची आई होती. सासऱ्याच्या दुकानात गल्ल्यावर बसलेल्या जावयाला आपण दुकानाचा संस्थापक म्हणत नाही. इथे मात्र जावई उरला आणि बाकी घर गायब झालं.

सीगलला काहीच येत नव्हतं, असं नाही. ओसाकाच्या डोजोत जपानी विद्यार्थ्यांना शिकवणं हे खायचं काम नाही. त्याची जपानी अस्खलित आहे, तीही ओसाकाच्या वळणाची. १९८८च्या पहिल्याच चित्रपटात त्याने मनगट पिरगाळून माणूस आडवा करण्याचे जे डाव दाखवले, तसे अमेरिकी पडद्यावर तोवर फारसे कुणी दाखवले नव्हते. एवढं श्रेय त्याचं खरंच आहे. ते पुरेसं का वाटू नये?

‘हजारो वर्षांची विद्या’ तर निव्वळ थाप. उएशिबांचा जन्म १८८३चा. सामुराई योद्ध्यांना कमरेला तलवार लावायची बंदी झाली त्याच्याही सात वर्षं आधी, १८७६ मध्ये. १९१५ मध्ये जपानच्या होक्काइदो बेटावर ताकेदा सोकाकू यांच्याकडून उएशिबा दाइतो-र्यू जुजुत्सु ही झटापटीची जुनी विद्या शिकले, त्यातून आपली पद्धत घडवत गेले, आणि ‘आयकिडो’ हे नाव रूढ झालं १९४२ मध्ये. आपल्याकडे ‘चले जाव’चं वर्ष. मुळं जुनी आहेत, पण झाड विसाव्या शतकातलं.

राहिला जपान जगाला समजावण्याचा मुद्दा. लाफ्कादिओ हर्न हा पाश्चात्त्य लेखक १८९० मध्येच जपानला पोचला, तिथल्या मात्सुए गावात मास्तर झाला आणि १८९६ मध्ये कोइझुमी याकुमो या नावाने जपानी नागरिक झाला. त्याच्या भुताखेतांच्या गोष्टी जगभर वाचल्या गेल्या. त्याला जपानी नीट वाचता येत नसे. त्यातल्या कितीतरी गोष्टी त्याची बायको सेत्सु त्याला तोंडी सांगायची. तिच्यावर बेतलेली रोजची मालिका जपानच्या एनएचके वाहिनीने २०२५ मध्ये सुरू केली. मियाकोचं नाव मात्र त्या चार ओळींत अजून आलेलं नाही.