‘विटांवर प्लास्टर मारलेले खांब’ : एका कमेंटला जरा लांबलेलं उत्तर

काका, तुमची कमेंट रविवारी रात्रीच वाचली. लगेच उत्तर टाइप करायला घेतलं आणि पुसून टाकलं, कारण तिसऱ्याच ओळीत माझा सूर भांडणाचा लागला होता. आता दोन दिवस गेलेत, चहा घेऊन बसलोय, तेव्हा नीट लिहितो.

ज्यांनी ती कमेंट वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. काकांनी पस्तीस वर्षं बांधकामाच्या साइटवर काढलीयत आणि इटलीतल्या विचेंझा शहरावरच्या माझ्या लेखावर त्यांचं म्हणणं असं, की मी पल्लादिओ या सोळाव्या शतकातल्या वास्तुकाराच्या खांबांवर एवढा वाहवत गेलो पण ते खांब दगडाचे नाहीतच, विटा रचून वर गिलावा केलाय, ‘आमच्या साइटवर याला शोबाजी म्हणतात’. दुसरं, देवळाचा दर्शनी भाग उचलून श्रीमंताच्या बंगल्याला चिकटवला तर त्यात वारसा कसला. तिसरं, खरे पोर्टिको, म्हणजे खांबांवर उभ्या ओसऱ्या, बघायचे तर इटलीतल्याच बोलोन्याला जा. चौथं, एका फोटोखाली मी बासिलिकाला चर्च म्हटलंय. आणि जाताजाता, ‘असले खांब मुंबईच्या टाउन हॉललाही आहेत, तोही पल्लादिओचीच कॉपी’.

चौथ्यापासून घेतो कारण तिथे मी सपशेल आपटलोय. बासिलिका पल्लादियाना हे चर्च नाही, कधीच नव्हतं. ते शहराचं सभागृह, न्यायदानाची जागा, खाली दुकानं. पल्लादिओनेच त्याला बासिलिका म्हटलं ते जुन्या रोमन अर्थाने, म्हणजे जिथे कोर्ट-कचेऱ्या आणि व्यवहार चालायचे तो मोठा हॉल. कॅप्शन दुरुस्त केलीय. घाईत लिहिलं होतं हे खरं कारण आहे, बाकी सबब नाही.

पण आता बासिलिकाचा विषय निघालाच आहे तर काका, तुमच्यासारख्या माणसाला आवडेल अशी गोष्ट मूळ लेखात राहूनच गेली होती ती सांगतो. आतला हॉल पंधराव्या शतकातला, गॉथिक. त्याच्या भोवती आधी जे सज्जे होते त्यांचा एक कोपरा १४९६ मध्ये कोसळला. मग पन्नास वर्षं नुसती चर्चा, मोठमोठ्या नावांना बोलावून सल्ले घेतले, आणि १५४९ मध्ये काउन्सिलने डिझाइन मंजूर केलं ते कोणाचं, तर गावातल्याच एका पाथरवटाच्या वर्कशॉपमधून वर आलेल्या माणसाचं. पगार महिना ५ डुकाट (व्हेनिसचं तेव्हाचं चलन). अडचण अशी होती की जुन्या हॉलचे गाळे सारख्या मापाचे नव्हते, कुठे रुंद कुठे अरुंद, आणि बाहेरून तर सगळं एकसारखं दिसायला हवं. पल्लादिओने काय केलं, प्रत्येक गाळ्यात मधोमध एक कमान, तिची रुंदी सगळीकडे तीच, आणि कमानीच्या दोन्ही बाजूंना सपाट माथ्याची चिंचोळी फट. गाळा रुंद असला की फट मोठी, अरुंद असला की फट बारीक, कोपऱ्यावर तर ती जवळजवळ मिटतेच. मापातला सगळा फरक त्या फटीत मारला! खाली चौकात उभं राहून बघा, कमानींची रांग इतकी सरळ लयीत जाते की फरक कळतच नाही, मला तर गाइडने दाखवल्यावर दिसला आणि मग दिसायचा थांबेना. साइटवर माप जुळत नसतं तेव्हा फरक कुठे लपवायचा हे तुम्ही मला जास्त सांगाल.

आणि लक्षात घ्या, ही इमारत दगडाची आहे. अस्सल पांढरा दगड, गिलावा नाही. तिथे पैसा नगरपालिकेचा होता आणि वेळेची पर्वा नव्हती, म्हणजे पर्वा असून उपयोग नव्हता. पूर्ण व्हायला सतरावं शतक उजाडलं. पल्लादिओ १५८० मध्येच गेला, त्याला ती पुरी झालेली बघायला मिळालीच नाही. (१९४५ च्या मार्चमध्ये बॉम्बहल्ल्यात तिचं छप्पर जळून गेलं होतं, आज दिसतं ते नंतर पुन्हा बांधलेलं, जहाज उलटं टाकल्यासारखं.)

आता विटांकडे येतो. हो काका, बहुतेक खांब विटांचेच आहेत. मी लेखात ‘संगमरवरी भासणारे’ असं गुळमुळीत लिहिलं होतं तिथे सरळ लिहायला हवं होतं. विटा, वर चुन्यात संगमरवराची पूड मिसळून घोटलेला गिलावा, त्याला ते मार्मोरिनो म्हणतात. पण सगळा खांब नाही! खालचा तळखडा दगडाचा, कारण तिथे ओल चढते, गाड्यांचे धक्के लागतात. वरचं शीर्षही दगडाचं, कारण त्यावर कोरीव काम आणि त्याची धार टिकायला हवी. मधली जी नुसती गोल लांबी आहे, जिथे दगड लावून फक्त बिल वाढलं असतं, तिथे वीट. हे शोबाजी करणाऱ्याचं डोकं नाही हो, हे दगडाचा भाव ठाऊक असलेल्या माणसाचं डोकं आहे. पल्लादिओ हे त्याचं मूळ नावसुद्धा नाही. पादोव्यातल्या एका गिरणीवाल्याचा मुलगा, आंद्रेआ दि पिएत्रो, तेराव्या वर्षी पाथरवटाकडे उमेदवारीला लागला, तिथून पळून विचेंझाला आला, १५२४ पासून तिथल्या वर्कशॉपमध्ये छिन्नी हातात. पुढे त्रिस्सिनो नावाच्या विद्वान सरदाराच्या नजरेत भरला, त्याने हे भारदस्त नाव दिलं आणि रोमला नेऊन जुने अवशेष दाखवले. तेव्हा तो तिशी ओलांडलेला होता. दगड फोडायला किती दिवस लागतात हे त्याला पुस्तकातून शिकावं लागलं नव्हतं.

बरं, ‘खरे’ रोमन खांब म्हणाल तर रोमचं पँथिऑन घ्या. पुढच्या पोर्टिकोत १६ खांब, प्रत्येक अखंड ग्रॅनाइटचा, साधारण १२ मीटर उंच, ६० टनांच्या आसपास, आणि ते आणले कुठून तर इजिप्तच्या वाळवंटातून. नाईलवरून खाली, समुद्र ओलांडून, मग तीबर नदीतून वर. त्यासाठी बादशहा असावं लागतं आणि इजिप्त खिशात असावा लागतो. विचेंझा १४०४ पासून व्हेनिसच्या ताब्यातलं गाव, रेशमावर थोडा पैसा मिळवलेली घराणी, त्यांना कुठून परवडणार. आणि खुद्द रोमन लोक तरी सगळीकडे दगड कुठे लावत होते? ज्वालामुखीच्या राखेत गाडल्या गेलेल्या पाँपेई या रोमन शहरातल्या बासिलिकाचे खांब बघा, विटांचे आहेत आणि त्यावर गिलावा होता. दक्षिण इटलीतल्या पेस्तुमची ग्रीक देवळं दगडाची खरी, पण तो दगड खडबडीत, छिद्राछिद्रांचा, म्हणून त्यावरसुद्धा गिलावा होता. म्हणजे प्लास्टर मारलेला खांब ही फसवाफसवी असेल तर ती दोन हजार वर्षांहून जुनी आहे आणि पल्लादिओ त्यात बराच उशिरा आला.

दुसरा मुद्दा, देवळाचा दर्शनी भाग घराला. इथे मी तुमच्याशी निम्मा सहमत आहे, आणि तुमच्या बाजूने एक पुरावाही देतो जो तुम्ही दिला नव्हतात. रोममध्ये घरावर असा त्रिकोणी माथा चढवणं ही साधी गोष्ट नव्हती, ज्युलियस सीझरला त्याच्या घरासाठी तो मान सिनेटने खास बहाल केला होता, देवाच्या बरोबरीला नेऊन बसवल्यासारखंच ते. मग विचेंझाचे जमीनदार कोण लागून गेले? पल्लादिओने याचं उत्तर १५७० च्या आपल्या चार खंडांच्या ग्रंथात दिलंय, की माणसाने आधी स्वतःसाठी घर बांधलं, देवासाठी देऊळ नंतर, तेव्हा देवळांनीच हा आकार घरांकडून घेतला असणार, मी फक्त तो परत करतोय. आता हा तर्क ऐकायला झकास आहे पण चुकीचा आहे, श्रीमंत रोमन घरांचे खांब बहुतेक आत, चौकाभोवती असायचे, रस्त्यावरून घर तसं बोडकंच. पण त्याच्या काळात पाँपेई राखेखालीच होतं, त्याने रोमन घरं पाहिली कुठे, पाहिली ती देवळं आणि स्नानगृहांचे अवशेष. मला ही चूक आवडते, काय करू.

आणि ला रोतोंदा या पल्लादिओच्या प्रसिद्ध बंगल्याच्या बाबतीत तर ‘चिकटवला’ हा शब्द मी अजिबात मान्य करणार नाही. पाओलो अल्मेरिको नावाचा, पोपच्या दरबारात नोकरी करून निवृत्त झालेला धर्मगुरू, गावाबाहेर टेकडीवर घर बांधतो, काम साधारण १५६६-६७ च्या सुमाराला सुरू. चारी बाजूंना सारखेच चार पोर्टिको, प्रत्येकाला सहा खांब. का, तर पल्लादिओ लिहितो की चारी बाजूंनी नजारा सुंदर आहे म्हणून. संपलं. शिवाय घर मुख्य दिशांपासून ४५ अंश फिरवलंय, त्यामुळे कोणतीच भिंत पूर्ण उत्तरेला तोंड करून थंडीत कुडकुडत नाही. मी ऑक्टोबरात गेलो होतो, चारही ओसऱ्यांवर आळीपाळीने बसून बघितलं, एका बाजूला उन्हाने डोळे मिटत होते आणि पलीकडे गेलो तर जॅकेट घालावं लागलं. त्या जमिनीवर राबणारे शेतकरी कुठल्या घरात राहत होते हा तुमचा प्रश्न रास्त आहे आणि त्याला माझ्याकडे गोड उत्तर नाही, ते असल्या घरात राहत नव्हते एवढं नक्की.

बोलोन्या. अहो, बोलोन्यावर माझं प्रेमच आहे, पण तुम्ही आंब्याला फणस का नाही म्हणताय. पोर्टिको हा एक शब्द दोन वेगळ्या गोष्टींना वापरला जातो. बोलोन्याचा पोर्टिको म्हणजे रस्त्याकडेची सलग कमानींची पडवी, शहरभर मिळून ६२ किलोमीटर, २०२१ मध्ये युनेस्कोच्या यादीत गेली. तिथे १२८८ चा कायदाच होता की नवीन घर बांधाल तर पुढे पोर्टिको हवाच, आणि घोड्यावरचा माणूस खालून जाईल इतकी उंची. जमीन घरमालकाची, दुरुस्ती त्याच्याच माथी, चालण्याचा हक्क मात्र सगळ्यांचा.

विचेंझात पल्लादिओच्याच पालाझ्झो किएरिकाती या वाड्यात नेमकं उलटं झालंय, आणि मूळ लेखात मी यावर दोनच ओळी लिहिल्या ही माझी खरी चूक. जागा गावाच्या टोकाला, दोन नद्यांच्या जवळ, गुरांचा आणि लाकडांचा बाजार भरायचा तिथे. जिरोलामो किएरिकातीचा प्लॉट अगदीच अरुंद पट्टी. मग त्याने १५५१ मध्ये काउन्सिलकडे अर्ज केला, की मला पोर्टिको पुढच्या सार्वजनिक जमिनीवर काढू द्या, माझी सोय होईल आणि लोकांनाही आडोसा मिळेल, गावाची शोभाही वाढेल. मिळाली परवानगी! म्हणजे खालून गाव चालतं आणि वर, त्याच सार्वजनिक जमिनीवर तरंगत, मालकाचा दिवाणखाना. आपल्याकडे असा अर्ज कुठल्या ऑफिसात टिकला असता का मला शंका आहे. मालक १५५७ मध्ये गेला, काम थांबलं, थोडेच गाळे उभे असलेला तो वाडा शंभरेक वर्षं तसाच होता, मग सतराव्या शतकाच्या शेवटी पुरा केला. १८५५ पासून तिथे नगराचं म्युझियम आहे. मी गेलो त्या दिवशी पाऊस धो धो, आणि त्या पोर्टिकोत एक अख्खी शाळेची ट्रिप, दोन सायकलवाले, एक कुत्रा आणि मी असे अर्धा तास अडकलो होतो. तिकीट कोणीच काढलेलं नव्हतं.

तिथे उभ्या उभ्या खांबांमधलं अंतरही पावलांनी मोजलं (बायको म्हणाली वेड लागलंय). विट्रुव्हियस या रोमन वास्तुकाराने खांबाच्या जाडीच्या हिशोबात हे अंतर ठरवलंय, दीडपट म्हणजे दाटीवाटी, दुप्पट, सव्वादोनपट सगळ्यात छान, तिप्पट झालं की वरची दगडी तुळई तुटायचा धोका, त्याहून जास्त असेल तर लाकडाचीच तुळई घाला. आणि दाट खांबांबद्दल त्याची तक्रार काय, तर देवळाच्या पायऱ्या चढून येणाऱ्या बायकांना हातात हात घालून आत जाता येत नाही, एकामागे एक जावं लागतं. इतक्या कोरड्या पुस्तकात हे वाक्य सापडलं तेव्हा मी हसलोच.

टाउन हॉलचं पटकन. तो पल्लादिओचा नमुना नाही. १८३३ चा, आणि त्याचे डोरिक खांब (डोरिक ही खांबांची सगळ्यात साधी, दणकट शैली) ग्रीक धाटणीचे. ग्रीक डोरिक खांबाला तळखडाच नसतो, थेट जोत्यावर उभा. पल्लादिओ कधी ग्रीसला गेलाच नव्हता, त्याचा डोरिक खांब रोमन वळणाचा, खाली बैठक असलेला. अथेन्सच्या इमारतींची नीट मोजमापं युरोपात छापून आली तीच १७६२ पासून पुढे, आणि मग ती ग्रीक फॅशन पसरत पसरत मुंबईला पोचली. पुढच्या वेळी टाउन हॉलच्या, म्हणजे एशियाटिक लायब्ररीच्या, त्या तीस पायऱ्या चढाल तेव्हा खांबाच्या बुडाशी बघा.

आता शेवटचं, तुम्ही मूळ कमेंटमध्ये लिहिलं होतंत की गिलावा पडला की यांचं पितळ उघडं पडेल. ते पडलंय काका. बासिलिकाच्या अगदी समोर, त्याच चौकात, लोज्जा देल कापितानियातो ही पल्लादिओचीच इमारत आहे, १५७१ च्या सुमाराची, तीनच गाळ्यांवर अर्धवट राहिलेली. तिचे ते दांडगे अर्धगोल खांब आज उघड्या लाल विटांचे दिसतात. आणि खरं सांगू का, पूर्ण विचेंझात मी सगळ्यात जास्त वेळ त्यांच्यासमोर उभा होतो. गोलाई कुठे मोडत नाही, सांधे बारीक, कडा अजून जागेवर. जवळून घेतलेले पाच-सहा फोटो आहेत, मूळ लेखात टाकले नव्हते, आज रात्री खाली जोडतो. मोठे करून बघा आणि त्या गवंड्याला दहापैकी किती मार्क देता ते लिहा.